आजोबांच्या रोजकीर्दीत १९४२ सापडलं. मोडी कोणी वाचून देईल का?

वाळव्याचा_नातू

नमस्कार मंडळी. आमचं गाव वाळवा तालुक्यात, कृष्णेच्या काठाला. २०१९ च्या महापुरात जुन्या घरात छातीएवढं पाणी होतं. तेव्हापासून भिंती फुगलेल्या, पण आज पाडू उद्या पाडू करत सहा वर्षं गेली. गेल्या महिन्यात एकदाचा सोपा पाडायला काढला, तर गवंड्याच्या पोरानं तुळईवरनं एक गाठोडं खाली टाकलं. धोतराच्या फडक्यात बांधलेली लांबट वही, लाल कापडाचा पुठ्ठा, कडा उंदरांनी खाल्लेल्या. पुराचं पाणी तिथवर पोचलं नाही म्हणून वाचली.

वही आमच्या आजोबांची, म्हणजे अण्णांची. अण्णा गावच्या सोसायटीत हिशेब लिहायचे. १९९१ ला गेले, मी तेव्हा सातवीत. आमच्या घरात लहानपणापासून एक गोष्ट ठरलेली. १० सप्टेंबर १९४२ ला इस्लामपूरच्या कचेरीवर मोर्चा गेला, गोळीबार झाला, त्यात अण्णा होते, कानाजवळनं गोळी गेली. दर ९ ऑगस्टला शाळेत त्यांना खुर्चीवर बसवून हार घालायचे. वडिलांनी ती गोष्ट मला सांगितली, मी माझ्या मुलीच्या शाळेत जाऊन सांगितली.

वहीत दोन तऱ्हांचं लिखाण आहे. उजव्या पानांवर निळ्या शाईनं बाळबोध अक्षर, ते मला वाचता येतं. मोर्च्याचं वर्णन अडीच पानं आहे. थोडं उतरवून देतो:

"कचेरीपुढे दाटी फार. घोषणांनी कान बधिर झाले. वळणावरच्या हॉटेलात चहा घेतला, चहावाल्याने आणा मोडून भोकाचे पैसे हातावर ठेवले तोच बार वाजले. पंड्या इंजिनिअर पडले असे कोणी ओरडले. मी कपाऊंडाच्या भिंतीला पाठ लावून उभा."

हे वाचताना अंगावर काटा आला, खोटं का सांगू.

डाव्या पानांवर मात्र काळ्या शाईत आणि शिसपेन्सिलीत मोडी. ती किरकोळ जमाखर्चाची दिसते, आकडेच आकडे. मागच्या पुठ्ठ्याच्या खिशात एक छापील अर्ज आहे, घडी घातलेला, कोरा. कसला ते वरचा भाग फाटल्यानं कळत नाही, "भूमिगत असल्याचा कालावधी" असा एक रकाना आहे.

माझा प्रश्न असा की मोर्च्याची अडीच पानं कुठं छापून आणावीत? आणि मोडीचा भाग वाचून घेण्यात काही अर्थ आहे का, की नुसता मीठमिरचीचा हिशेब निघेल? १४ पानांचे फोटो खाली टाकलेत.

---

तासगावकर_६१

वा, वा! दादा, घबाड सापडलं तुम्हाला. आधी एक करा, वही प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवू नका, लॅमिनेशन तर अजिबात नको. आमच्या एका नातेवाइकानं पणजोबांची सनद लॅमिनेट केली, वर्षभरात आतल्या आत पिवळी पडून शाई पसरली. सुती कापडात ठेवा, सोबत वेखंडाची पुरचुंडी.

नव्या पिढीसाठी सांगतो, कारण आमच्या नातवंडांनाही प्रश्न पडतो की ४२ नंतर भूमिगतांनी चालवलेल्या समांतर सरकारला, सांगली जिल्ह्यातल्या गोष्टीला, "साताऱ्याचं प्रतिसरकार" का म्हणायचं. तेव्हा वाळवा, तासगाव, खानापूर, शिराळा हे सगळे तालुके साताऱ्यात होते. सांगली आणि मिरज संस्थानं. १९४९ ला दक्षिण सातारा जिल्हा झाला, त्याचं नाव सांगली पडलं १९६० ला. प्रतिसरकारचं ठाणं कुंडल तर औंध संस्थानात. तिथले राजे पंतप्रतिनिधी, त्यांनी १९३९ लाच प्रजेला घटना देऊन टाकलेली, त्यामुळं भूमिगतांना तिकडं श्वास घ्यायला जागा होती. या सरहद्दी डोळ्यांपुढं नसतील तर प्रतिसरकारचे पुढारी नाना पाटील यांना ४२ ते ४६ पोलिसांनी का पकडलं नाही ते कळतच नाही.

सप्टेंबर ४२ मध्ये आमच्या भागात एकामागून एक मोर्चे निघाले. ३ तारखेला तासगाव. तिथं मामलेदारालाच गांधी टोपी घालायला लावली, रक्त सांडलं नाही. ९ ला वडूज, तिथं परशुराम घार्गे आणि त्यांचे सोबती पडले. १० ला तुमचं इस्लामपूर, तिथं पंड्या आणि विष्णू बारपटे. इस्लामपूरच्या मोर्च्यातल्या माणसानं स्वतःच्या हातानं लिहिलेलं वर्णन म्हणजे सोनं आहे. येत्या ९ ऑगस्टला छापून आलंच पाहिजे. मी दोन संपादकांशी बोलतो.

मोडीचं नंतर बघू. हिशेब काय, सगळ्यांच्याच घरी असतात.

---

मोडी_मिरज

घाई करू नका. फोटो रात्री बसून वाचले. दोन फोटो हललेले आहेत, ते फ्लॅश न वापरता दिवसा उजेडात पुन्हा काढा.

आधी निळ्या शाईचं. चहावाल्यानं "भोकाचे पैसे" दिले असं अण्णा लिहितात. मधोमध भोक असलेला तो पैसा युद्धात तांबं वाचवायला काढला, आणि तो पाडायला सुरुवात झाली १९४३ ला. सप्टेंबर १९४२ मध्ये इस्लामपुरातच काय, देशात कुणाच्या हातावर तो पडणं शक्य नाही. म्हणजे ही अडीच पानं त्या दिवशीची नाहीत. नंतर कधीतरी, आठवणीनं लिहिलेली.

एवढ्यावरनं माणूस तिथं नव्हता असं होत नाही. आठवण लिहिताना नाणी, टोप्या, हवामान असल्या गोष्टी हमखास सरमिसळ होतात. म्हणून डावं पान वाचलं. मोडीत आधी रेघ ओढतात आणि अक्षरं तिला लटकवत जातात, शब्द तोडत नाहीत, ऱ्हस्व दीर्घ पाळत नाहीत, त्यामुळं एखादा शब्द इकडचा तिकडं होऊ शकतो. पण ही नोंद स्वच्छ आहे. "श्रावण वद्य ३०, शके १८६४." वद्य ३० म्हणजे अमावास्या, म्हणजेच १० सप्टेंबर १९४२. त्याखाली:

"आष्टा जाणे. टांगा ४ आणे. सोनार, मुलीच्या बाळ्या जोड १, मजुरी १२ आणे. मीठ. गूळ. घासलेट मिळाले नाही."

आणि दुसऱ्या दिवशी: "इस्लामपुरी गोळी झाल्याचे ऐकिले. दोन गेले. गावात कोणाची चूल नाही."

"ऐकिले" असं आहे. मी तीनदा पाहिलं.

वाईट वाटून घेऊ नका. पुढचं वाचा, ते माझ्या मते जास्त मोलाचं आहे. शके १८६५ च्या श्रावणापासून, म्हणजे १९४३ च्या ऑगस्टपासून, जमाखर्चात "मंडळ बसले" अशा नोंदी सुरू होतात. तुमच्या १४ पानांत सहा बैठका आहेत. हे प्रतिसरकारचं न्यायदान मंडळ असणार. प्रत्येक नोंदीच्या शेवटी "लिहिणार" म्हणून अण्णांचं आद्याक्षर. तीन बैठकी उतरवतो:

"बांधाचा तंटा. दोहीकडील माणसे बोलली. चार हात मागे घ्यावा. मान्य. देवळात गूळ वाटला."

"बायकोस टाकिली होती. नांदवीन म्हणाला. पंचांनी महिन्याने पुन्हा पाहावे." खाली वेगळ्या शाईत: "पाहिले. नांदते."

"गहाणखत २, सावकाराकडून आणून मूळ मालकास दिले. पावती नाही."

शेणोलीला भूमिगतांनी रेल्वेचा पगार लुटला ७ जून १९४३ ला, त्यावर अख्खी भाषणं आहेत. अण्णांच्या वहीत त्या महिन्यात एक ओळ: "शेणोलीची बातमी." आणि लगेच मिठाचा भाव. उलट चार हात बांधाला त्यांनी सहा ओळी दिल्यात. बंदुकीच्या बाजूनं प्रतिसरकारवर पुष्कळ लिहून झालंय. दौतीच्या बाजूनं, रोजच्या रोज लिहिलेलं, इतकं कमी हाती लागतं की मी स्वतः मिरजेहून गाडी काढून बघायला यायला तयार आहे.

फोटो ११ वर एक नोंद आहे, त्यात गावातल्या एका माणसाचं पूर्ण नाव आहे. ती इथे लिहीत नाही. निरोपात पाठवली आहे.

---

वाळव्याचा_नातू

काय बोलू कळत नाही. दोन दिवस मंचावर आलो नाही.

सर, तुमचा राग नाही. पण वडिलांना अजून सांगितलेलं नाही, ते ७६ वर्षांचे आहेत आणि ९ ऑगस्टला शाळेत त्यांना बोलावतात. बाळ्या करायला आष्ट्याला गेलेला माणूस. आणि आमच्या घरात कानाजवळनं गोळी.

११ नंबरचं वाचलं. नाव न लिहिता सांगतो: "एकास पत्री. गहाण जमीन दडविली, खबर दिली, सबब. मी लिहिले. रात्री जेवलो नाही." त्या माणसाचा नातू माझ्या वर्गातला. आमच्या उसाची सरी गेली बारा वर्षं त्याच्याच ट्रॅक्टरनं पडते.

---

तासगावकर_६१

भोकाच्या पैशाचं माझ्या ध्यानात यायला हवं होतं. लहानपणी माळ करून खेळलोय आम्ही त्यांच्याशी. मान्य.

पण मोडी साहेब, आष्टा आणि इस्लामपूर काही दोन टोकांना नाहीत. सकाळी सोनार, दुपारी मोर्चा, असं होऊ शकतं. "गोळी झाल्याचे ऐकिले" हे पोलिसांच्या धाकानंही लिहिलं असेल. वही झडतीत सापडली तर? त्या दिवसांत मी तिथं होतो असं कोण शहाणा लिहून ठेवील? मी इतक्यात हार मानायला तयार नाही.

तो कोरा अर्ज मात्र मी ओळखला. १९७२ च्या १५ ऑगस्टला, स्वातंत्र्याला २५ वर्षं झाली तेव्हा, केंद्र सरकारनं स्वातंत्र्यसैनिकांची पेन्शन सुरू केली. सहा महिने तुरुंगात किंवा भूमिगत असल्याचं दाखवावं लागे. ते दुष्काळाचं वर्ष, गावंच्या गावं खडी फोडायला गेलेली, आणि पेन्शन म्हणजे महिन्याचा ठराविक पैसा. आमच्या चुलत्यांचा अर्ज मी भरलाय, मी तेव्हा आठवीत, अक्षर बरं म्हणून मला बसवलं. चुलते सांगायचे, मी लिहायचो. दर खेपेला मोर्चा थोडा मोठा व्हायचा. हसू नका. खरोखर ४२ ला लाठ्या खाल्लेला माणूस होता तो, पण लाठीचा कागद नसतो ना कुणाकडं. अण्णांची निळी पानं त्याच वेळची असतील का?

आणि पत्रीबद्दल. "प्रतिसरकार"चं "पत्रीसरकार" लोकांच्या तोंडी झालं ते या शिक्षेमुळंच म्हणतात. पायाला बैलासारखी पत्री ठोकायचे अशी दंतकथा झाली. चळवळीतली जुनी माणसं सांगायची की तळव्यावर काठीचे फटके, तेवढंच. तेवढंही काही कमी नव्हे म्हणा.

---

उरुणची_लेक

मी इतिहासाची नाही, बँकेत आहे, त्यामुळं आकडे मोजायची खोड. सगळ्यांनी बांध वाचला, पत्री वाचली. मी सरांनी फोटोंवरनं उतरवून दिलेल्या पानांवरची ज्वारी वाचली.

एका घरात माणसं किती, ते दादांनी सांगावं. पण कधी रोजची दीड पायली, आणि मग एकदम "ज्वारी ४ पायली, पाहुणे." चार दिवसांनी पुन्हा पाहुणे. मग आठ दिवस नाही. आषाढात, पेरण्या चालू असताना, कुणाकडं इतके पाहुणे येतात? आणि पाहुण्यांना कधी गोडधोड नाही, साखर नाही, कंट्रोलचं कापड नाही, आहेराचा नारळ नाही. नुसती ज्वारी, मिरची आणि एकदा "घासलेट उसने." रात्री जागायला घासलेट लागतं.

माझ्या आजीचं माहेर कासेगावकडचं. ती प्रतिसरकारातल्या इंदूताई पाटणकरांचं नाव घेतलं की पदर सावरून बसायची. ती सांगायची, आम्ही काय केलं विचारशील तर भाकरी केल्या. अंधारात, दार लावून, थापण्याचा आवाज बाहेर जाऊ नये म्हणून हातावर. पन्नास-साठ भाकरी हातावर थापून बघा म्हणजे कळेल. तिला कुणी अर्ज आणून दिला नाही.

दादा, तुमचे अण्णा मोर्च्यात होते की नव्हते यावर दोन दिवस झोपला नाहीत. पण ज्वारी कुणी दळली? अण्णांनी तर दळली नसणार.

आणि ११ नंबरचं. इथं टाकू नका, मासिकातही देऊ नका, आधी वर्गमित्राच्या घरी जा. वही घेऊन जा, फोटो नको.

---

मोडी_मिरज

तासगावकर सर, धाकानं "ऐकिले" लिहिलं असतं तर वर्षभरानं सहा न्यायनिवाडे आद्याक्षरासकट लिहिले नसते. झडतीत ते जास्त महाग पडलं असतं. पण तुमचा मुद्दा मी खोडत नाही, पुरावा दोन्ही बाजूंना थोडा आहे.

पाहुण्यांचं मला सुचलं नव्हतं. ताई, आभार. सगळी वही मिळाली तर तारखा लावून बघता येईल.

वही ठेवण्यासाठी पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ आहे, कोल्हापूरचं शिवाजी विद्यापीठ आहे. देण्याआधी घरच्यांसाठी पूर्ण प्रत करून ठेवा, पानांना क्रमांक शिसपेन्सिलीनंच घाला. आणि निळी पानं फाडून वेगळी करू नका, कुणी कितीही सांगितलं तरी. डाव्या आणि उजव्या पानाचं भांडण हाच तर त्या वहीचा जीव आहे.

---

वाळव्याचा_नातू

उशीर झाला, उसाची लागण चालू होती.

रविवारी कवठेपिरानला आत्याकडं गेलो. आत्या अण्णांची थोरली, ४२ ला पाच वर्षांची. ऐकू कमी येतं, पण स्मरण आमच्यापेक्षा बरं. मोर्च्याचं काही बोललो नाही. एवढंच विचारलं, आत्या, तुझे कान कधी टोचले?

म्हणाली, "टोचले लई आधी. बाळ्या मातूर गोळीबाराच्या आदल्या रात्री आल्या."

आदल्या रात्री कशा, म्हटलं. तर म्हणाली की आष्ट्याहून अण्णांच्या खांद्यावर बसून आली, दिवेलागणीला. कान दुखत होता म्हणून रडत होती. सकाळी उठली तर सगळ्यांची तोंडं उतरलेली, चूल थंड, आणि आपण रडलो म्हणून घरात कुणीतरी गेलं असं तिला वाटलं. बरीच वर्षं तिला तसंच वाटत होतं म्हणे. म्हणजे बाळ्या त्याच दिवशीच्या, तिला गोळीबार कळला तो दुसऱ्या दिवशी. दिवसभर ती अण्णांबरोबर होती. तासगावकर काका, आता काय करायचं?

पाहुण्यांचं विचारलं तर हसली. "पाव्हणं कसलं? पाव्हणं आलं की आमाला परड्यात काढायची आई." आजी रात्री जात्यावर बसायची, पण ओवी म्हणायची नाही. जात्याचा आवाज लपत नाही, पण ओवी ऐकून शेजारीण येऊन बसते, म्हणून. माणसं आम्ही घरात तेव्हा पाच, उरुणच्या ताईंच्या हिशेबासाठी सांगतो.

अर्जाचंही आत्यालाच ठाऊक. ७२ ला अण्णांनी अर्ज आणला, आठ दिवस लिहीत बसले, आजीला वाचून दाखवलं. आजी म्हणाली, यात माझ्या भाकरी कुठायत? अण्णा काही बोलले नाहीत. अर्ज गेला नाही एवढं खरं, पेन्शन आमच्या घरात कधी आली नाही. पण गोष्ट मात्र तोवर शाळेत पोचली होती, आणि हार घालून घेताना माणूस मध्येच उठून नाही म्हणू शकत नाही. निदान अण्णा नाही म्हणू शकले.

वडिलांना सांगितलं. ते बराच वेळ वही चाळत बसले, मोडी येत नसून. मग म्हणाले, बांधाचा तंटा कुणाचा तो, विचार त्या सरांना. सध्या त्यांना एवढंच पाहिजे.

वर्गमित्राकडं काल गेलो, वही घेऊन. चहा झाला, उसाचं झालं, पावसाचं झालं, मग फडकं सोडलं. मी बोटानं ओळ दाखवत वाचली, सरांनी लिहून दिलेला कागद शेजारी ठेवून. तो गप्प. त्याचा आज्जा मी पाहिलाय, डाव्या पायानं लंगडत यायचा, खिशात आमच्यासाठी शेंगा असायच्या.

शेवटी तो म्हणाला, "घरात सांगायचे बैलानं पाय दिला."

थोड्या वेळानं बायकोला हाक मारून चष्मा मागवला आणि ती ओळ स्वतः बघायला लागला. मोडी त्यालाही येत नाही. आज्जाचं नाव कुठलं ते विचारलं, त्यावर बोट ठेवलं. म्हणाला, फाडू नको. याचा एक फोटो मला पाठव.

मोडी सर, शनिवारी वही घेऊन मिरजेला येतो. वडीलही येतो म्हणतायत.